आईचं नाक

गेल्या हिवाळ्यात माझ्या पुतणीच्या मुलीनं मला दादरला एका हॉलमध्ये लघुपट बघायला नेलं. "आजी, चौदाच मिनिटांचा आहे, तुला झोप यायच्या आत संपेल," म्हणाली. तिच्या ओळखीतल्या कोणीतरी तो काढला होता. पडद्यावर एक बाई होती. ती आजारातून उठते आणि तिच्या लक्षात येतं की आपल्याला कसलाच वास येत नाही. मग उरलेला सगळा वेळ ती वास शोधत हिंडते. कॉफीच्या कपात नाक घालते, नवऱ्याच्या शर्टात तोंड खुपसते, फुलवाल्याच्या दुकानापाशी थांबते. मागे व्हायोलिन चालू. सगळं फार देखणं होतं आणि मला राग येत होता. हिला एवढी सवड मिळते कुठून, हा माझा पहिला प्रश्न.

एक जागा मात्र खरी होती. बाई गॅसकडे पाठ करून उभी आहे, मागे दूध उतू जाऊन करपतंय, आणि ती शांतपणे खिडकीबाहेर बघते आहे. तेव्हा मी खुर्चीत सावरून बसले.

संपल्यावर दिग्दर्शकानं कोणाला काही विचारायचंय का म्हणून विचारलं. मी हात वर केला. म्हटलं, "ही बाई स्वयंपाक किती माणसांचा करते?" लोक हसले. तोही हसला आणि म्हणाला, "घरात दोघंच आहेत, आजी." मी खाली बसले. दोघांचं काय, करपलं तर पाव आणून खातील. माझ्या आईला रोज वीस माणसांचं रांधायचं होतं.

आम्ही तेव्हा लालबागला, करी रोडच्या अंगाला, एका चाळीत दुसऱ्या मजल्यावर राहत होतो. वडील गिरणीत साचेवाले, म्हणजे मागावर कापड विणणारे. आईची खानावळ होती. खानावळ म्हणजे पाटी-बिटी काही नाही. आमचीच एक खोली. बायकापोरं कोकणात ठेवून आलेले वीसेक जण दोन पंगतींत जेवून जायचे. बहुतेक आमच्याच गावाकडचे आणि बहुतेक वडिलांच्याच खात्यातले, सगळे साच्यावरचे. खोलीच्या एका टोकाला चूल, तिच्यासमोर तोंड करून आई, म्हणजे पंगतीकडे तिची पाठ. चुलीच्या पलीकडे भिंतीला टेकून मी, म्हणजे माझं तोंड पंगतीकडे. ही बसायची रीत नीट ध्यानात ठेवायला हवी, कारण पुढचं सगळं तिच्यामुळे झालं.

साचेखात्यात माणूस आठ-दहा वर्षं राहिला की कानानं जातो, हे आमच्याकडे सगळ्यांना ठाऊक होतं. त्याला कोणी आजार म्हणत नसे. वडील अठरा वर्षं साच्यावर होते. आईनं काही विचारलं की ते म्हणायचे, "मोठ्यान बोल." मग आई ओरडून बोलायची, आणि ती काय बोलली हे खालच्या मजल्यावरचा वाणीसुद्धा सांगू शकायचा. माझं बोलणं मात्र वडिलांना पटकन कळायचं. "तुझो आवाज बारीक, सुयेसारखो टोचता," असं आई म्हणायची. मला त्याचा जरा अभिमानच होता.

संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत मुंबईत गोळीबार झाला, त्याच्या आदल्या पावसाळ्यात चाळीत तापाची साथ आली. आई आठ दिवस पडून होती. शेजारणींनी खानावळ कशीबशी ओढली. नवव्या दिवशी आई उठली, चुलीपाशी बसली, आणि फोडणी करपून काळी झाली तरी डाव हलवत राहिली. मी खोकायला लागले. तिनं विचारलं, "काय झालां गो?" म्हटलं, "आई, जळतंय." तिनं टोपात पाहिलं. मग हिंगाची डबी उघडून नाकाशी धरली. रॉकेलची बाटली उघडली, तीही धरली. मग ती माझ्या नाकाशी आणली.

"येता तुका?"

"येतो की."

"माका नाय येत," आई म्हणाली.

दवाखान्यातल्या डॉक्टरांनी सर्दी उतरली की येईल म्हणून सांगितलं. सर्दी उतरली, वास काही आला नाही. मीठ, तिखट, आंबट हे तिला जिभेवर कळायचं. पण खोबरं खवट झालंय का, डाळ विटलीय का, वाटप नीट भाजलंय की कच्चट आहे, हे सारं नाकाचं काम, आणि तेच बंद पडलं होतं. बरं, ही गोष्ट बाहेर गेली असती तर खानावळ बसलीच असती. मासळी खाणारी माणसं. जिला वास येत नाही तिच्या हातचं कोण जेवेल? समोरच्या चाळीतली खानावळवाली तर टपूनच होती. आईनं मला जवळ घेतलं आणि सांगितलं, "कोणाक सांगा नको."

"बाबांना?"

वडिलांना सांगायचं म्हणजे ओरडून सांगायचं. आणि ओरडून सांगितलं की चाळीला सांगितलं. असं ते राहिलं, ते राहिलंच.

तेव्हापासून मी आईचं नाक झाले. शाळेच्या आधी सकाळची पंगत आणि शाळेनंतर संध्याकाळची. आई झाकण उचलायची, मी पुढे वाकायची आणि हळूच सांगायची: झालं, अजून नाही, करपायला आलंय, खोबरं खवट आहे. अगदी कुजबुजून, ओठातल्या ओठात. पुढ्यात माणसं जेवत असायची, पण ती सगळी बहिरी. आईनं पदर तोंडाशी धरून दिलेलं उत्तर मलाच जेमतेम ऐकू यायचं. आमचं गुपित आमच्या चुलीपुरतं आहे, याची आम्हा दोघींना खात्री होती.

सणाला तर कठीण व्हायचं. नैवेद्याच्या अन्नाचा वास घेतला की ते उष्टं होतं, असं आईनंच मला लहानपणापासून शिकवलेलं. गणपतीत तिनं मला दाराबाहेर बसवलं आणि एकटीनं मोदक केले. सारण लागलं होतं. आरतीला आलेल्यांनी मोदक गोड मानून घेतले. आईनं मात्र त्या दिवशी देवापुढे बराच वेळ डोकं टेकवलं.

पंगतीत सगळ्यांत वयानं मोठे एक गृहस्थ होते. वडिलांच्या वाडीतले, नात्यानं लांबचे. आई त्यांना भावोजी म्हणायची, मी काका. त्यांनीच वडिलांना मुंबईत आणून साच्यावर लावलं होतं. छातीनं कमजोर, जिना चढताना दोनदा थांबायचे. जेवून उठताना रोज एकच वाक्य, "वयनी, बरां झालां हां." आई ते ऐकूनच मग स्वतःचं ताट वाढून घ्यायची. खानावळीतल्या माणसांचा त्यांच्यावर जीव होता आणि धाकही होता. काकांनी हात आडवा केला की भांडण मिटायचं.

ते संयुक्त महाराष्ट्राचे दिवस होते. आमच्या पंगतीत जेवणाच्या जोडीला तेच चालायचं, आणि सगळे बहिरे असल्यामुळे चर्चा हातवाऱ्यांनीच जास्त. त्या हातांचीही एक भाषा होती. साचेखात्यात ओरडून उपयोग नसतो, म्हणून तिथे खुणा ठरलेल्या. तंबाखू मागायची वेगळी, मुकादम आला ही वेगळी. एक खूण मला विशेष आवडायची. मूठ छातीपाशी धरायची आणि पुढे ढकलत उघडायची. म्हणजे धागा तुटलाय ते दिसलं मला, पण साचा थांबवू नको, चालू दे. मोर्चाला निघतानाही ते एकमेकांना ती खूण करायचे आणि हसायचे.

एकदा मोर्चावर अश्रुधूर सोडला, तो गल्लीतून चाळीत शिरला. आम्ही फडकी ओली करून तोंडावर धरली. आई मात्र गॅलरीत जाऊन उभी राहिली. डोळ्यांतून घळाघळा पाणी येतंय आणि चेहरा उजळलेला. आत येऊन मला म्हणाली, "झोंबलां गो माका! नाकाक झोंबलां!" धावत जाऊन तिनं हिंगाची डबी उघडली, मग लसूण ठेचून हुंगला, मग माझं डोकं जवळ ओढून केसांत नाक घातलं. तशीच काही वेळ थांबली. मग डबीचं झाकण लावून ती फळीवर ठेवली. तिचे डोळे पुसायला मी गेले, तर ते अजून धुराचंच पाणी आहे म्हणाली.

आता माझं सांगते. मी अकरा वर्षांची होते आणि कंटाळले होते. मैत्रिणी शाळा सुटल्यावर भोईवाड्यापर्यंत रमतगमत जायच्या; मला धावत घरी यावं लागायचं. वासांचाही वीट आला होता. वहीला मासळीचा वास, केसांना फोडणीचा. त्या जानेवारीत माझी गिरगावची मावशी घरी आली. तिचे यजमान एका कचेरीत कारकून, घरात पितळी डबे रांगेत. चार दिवस चल म्हणाली. आईनं माझ्याकडे आणि मग चुलीकडे पाहिलं. मी चुलीपलीकडे बसून, दात-ओठ खात पण कुजबुजतच म्हणाले, "मी काय जन्मभर तुझं नाक म्हणून इथंच बसू?"

समोर सकाळची पंगत बसलेली होती. आईनं टोपाखालचं लाकूड मागे ओढलं. मग म्हणाली, "जा. चार दिवस मी करीन कसांय."

मी गिरगावला गेले, आणि दुसऱ्याच दिवशी शहर पेटलं. गोळीबार, दगडफेक, संचारबंदी. मावशीच्या खिडकीचं दार लावून आम्ही बसून राहिलो. गिरणगावात काय काय चाललंय याच्या बातम्या जिन्यातून वर यायच्या, प्रत्येक मजल्यावर थोड्या वाढून. चौथ्या दिवशी मोकळीक मिळाल्यावर मावशीचे यजमान मला लालबागला सोडायला निघाले. रस्त्यात काचा, विटा आणि कुठे कुठे नुसत्या चपला पडल्या होत्या.

घरी आले तर पंगत नव्हती. आई चुलीपाशी होती आणि चूल विझलेली.

घडलं होतं ते असं. बंदच्या आदल्या दिवशी कोळणीकडून आईनं बांगडे घेतले होते. बाजार बंद राहणार, म्हणून तिनं त्यांचं तिरफळं घालून तिखलं, म्हणजे तिखटजाळ कालवण, केलं आणि दुसऱ्या दिवसासाठीही ठेवलं. बांगड्याचं तिखलं दुसऱ्या दिवशीच मुरतं, असं आमच्याकडे म्हणतातच. बाहेर संचारबंदी होती, गिरण्या बंद होत्या, पण आमच्याच चाळीत राहणारे आठ-नऊ जण दुपारी जेवायला बसले. जेवले. काका उठताना "बरां झालां हां" म्हणाले. संध्याकाळी त्यांना उलट्या सुरू झाल्या, मग हगवण लागली. बाकीच्यांतल्या दोघा-तिघांचं पोट बिघडलं, पण ती तरणी माणसं, निभावली. काकांना खाली न्यायचं तर रस्त्यावर पोलीस. सकाळी हातगाडीवर घालून, पुढे पांढरं धोतर हलवत, त्यांना इस्पितळात नेलं.

आईनं फळीवरून एक झाकलेली वाटी काढली. "ह्यां तुझ्यासाठी ठेवलंय. वास घे," म्हणाली.

वाटीत त्या तिखल्याचा एक तुकडा होता. तीन दिवसांचा. झाकण काढताच घाण वास आला. येणारच होता, तीन दिवसांनंतर कुठल्या माशाला तो येणार नाही? पण पंगतीच्या दिवशी तो होता का, हे मी कुठून सांगणार होते? आई माझ्या नाकाकडे बघत होती. मी म्हटलं, "नाही गं, ठीक आहे." तिनं वाटी माझ्या हातातून घेतली आणि मोरीत रिकामी केली.

काका इस्पितळातून परत आले, पण अर्धे होऊन. होळीच्या आधी त्यांना बोटीनं गावी पाठवलं. आई धक्क्यावर गेली होती. त्यांनी तिला हात जोडले, तिनं त्यांना. एप्रिलात काका गेल्याचं पोस्टकार्ड आलं, कोपरा फाडलेलं. ते वडिलांनी दाराबाहेरच वाचलं आणि रीतीप्रमाणे तिथेच फाडून टाकलं.

त्या महिन्याच्या अखेरीला आईनं खानावळ बंद केली. तिला वास येत नाही हे तेव्हाही कोणाला सांगितलं नाही. हात दुखतात म्हणाली. पुढे ती गिरणीत बॉबिनी भरायच्या खात्यात लागली आणि निवृत्त होईपर्यंत तिथेच राहिली. संयुक्त महाराष्ट्र झाला त्या रात्री सगळी चाळ दिव्यांनी उजळली होती, लोक पेढे वाटत होते. आईनं हातातला पेढा माझ्यापुढे धरला आणि सवयीनं विचारलं, "बरो असा मा?"

काकांचा विषय ती क्वचितच काढायची. काढला की एकच बोलायची. "वास इलो असतो तर त्यांनी खाल्लांच नसतां. माझां नाक गेलां होतां, त्यांची तर होती मा? नऊ जण बसले होते. एकान तरी ताट सारलां असतां." हे वाक्य मी तिच्या तोंडून पंचवीसेक वर्षांत शंभरदा तरी ऐकलं असेल. प्रत्येक वेळी मी हो म्हणायची. तिचं म्हणणं बरोबरच होतं. नऊ जणांपैकी कोणाचंच नाक काम करत नव्हतं असं कसं होईल? तेव्हा मासा चांगलाच असणार, आणि काका मुळात छातीचे आजारी. या एका हिशेबावर आई झोपत होती, आणि खरं सांगायचं तर मीही.

वडील गेले तेव्हा मी चाळिशीच्या जवळ आले होते. बाराव्याला त्यांच्या खात्यातली जुनी माणसं आली. पांढऱ्या टोप्या, कानांमागे हात धरून बसलेली. त्यांतले एक आमच्या पंगतीत जेवायचे. तेव्हा सगळ्यांत तरुण होते, आता त्यांनाही नातवंडं होती. मी पाणी घेऊन गेले. माझा घसा बसला होता, आवाज फुटत नव्हता, तरी मी विचारलं, "चहा घेणार ना?" ते म्हणाले, "अर्धो दी." मला नवल वाटलं. शेजारी बसलेल्या धडधाकट कानांच्या माणसालाही ते ऐकू गेलं नव्हतं.

माझा चेहरा बघून ते हसले. "साच्यावर आयकाक कोणाक येता, बाय? ओठ बघूनच तर आयुष्य काढलां. तुझे वडील तर आमच्यात पयले. वीस हातांवरचो माणूस काय बोलता ता सांगीत."

मी तिथेच उभी राहिले. आई नेहमी पाठमोरी असायची, म्हणून तिला ओरडावं लागायचं. माझं तोंड पंगतीकडे असायचं.

"म्हणजे तुम्हाला कळायचं," मी म्हटलं.

"सगळां," ते म्हणाले. "करपलां, खवट झालां, सगळां. तू एकदा वयनीक म्हटलंस, मी काय जन्मभर तुझं नाक म्हणून इथंच बसू. आमचो घास हातातच रवलो होतो. तुझे वडील त्या दिवशी जेवले नाय."

मला खरं तर पुढचं विचारायचं नव्हतं. तोंडून निघालं. "आणि बांगडे?"

त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. "वास येय होतो," ते म्हणाले. "ताटात पडल्याबरोबर कळलां. तू घरात नाय होतंस, आमका ठाऊक. मी ताट सारूक गेलंय. तेवढ्यात थोरल्यांनी, तुझ्या काकांनी, हात केलो."

त्यांनी मूठ छातीपाशी धरली आणि पुढे ढकलत उघडली.

"तुझ्या वडिलांनीय केलो. मग सगळ्यांनी खाल्लां. वयनीची अब्रू होती. एक दिवस पोट बिघडात, असां वाटलां. थोरल्यांनी तर मागून घेतलां." त्यांनी टोपी परत डोक्यावर घातली. "तेव्हा एकान तरी ताट सारलां असतां, तर."

हे शेवटचं वाक्य आईचंच होतं. त्यांनी ते कुठे ऐकलं असेल? की तेही पंचवीस वर्षं हेच म्हणत होते, आपापल्या घरी? मला त्यांचा राग आला. काकांचा आला, वडिलांचाही आला, आणि वडील तर त्या दिवशी फोटोत होते. एवढी माया करायची होती तर तोंड उघडून करायची. आई चार दिवस रडली असती, खानावळ बुडाली असती, दुसरं काही केलं असतं. पुढे तिनं केलंच की. पण त्यांच्यासमोर मी यातलं काही बोलले नाही. त्यांनीही त्या ताटातलं खाल्लं होतं.

मी पाण्याचं भांडं उचलून आत आले. आई चुलीच्या जागी, आता तिथे स्टोव्ह होता, सवयीनं पाठमोरी बसली होती. तिनं मान न वळवता विचारलं, "काय म्हणत होतो तो एवढां?"

बाहेरच्या खोलीचं दार उघडं होतं. तिथून अजून चार-पाच साचेवाले आमच्याकडेच बघत होते. मी भिंतीकडे तोंड केलं आणि म्हणाले, "काही नाही गं. तुझ्या हातच्या तिखल्याची आठवण काढत होते."